मँगनीज, मेंदू आणि मनोविकार

महाराष्ट्राच्या गोंदिया व भंडारा जिल्ह्यांना लागून, वैनगंगेच्या खोऱ्यात, मध्य प्रदेशाचा बालाघाट जिल्हा वसलेला आहे. १८६७ साली भंडारा, मंडला व शिवनी या जिल्ह्यांचे काही भाग एकत्र करून तो निर्माण करण्यात आला. १९५६ च्या राज्यपुनर्रचनेपर्यंत नागपूर हीच त्याच्या प्रांताची राजधानी होती. राज्यांची सीमा आज मधून जात असली, तरी भूगर्भातील खनिजाला ती सीमा ठाऊक नाही. नागपूर, भंडारा आणि बालाघाट या तिन्ही जिल्ह्यांतून सुमारे २०० किलोमीटर लांबीचा मँगनीजचा पट्टा गेलेला आहे. नागपूर जिल्ह्यातील मनसर, कांद्री व गुमगाव, भंडारा जिल्ह्यातील चिखला व डोंगरी बुजुर्ग आणि बालाघाट जिल्ह्यातील तिरोडी, उकवा व भरवेली ही या पट्ट्यातील परिचित नावे होत. भारतीय भूविज्ञान सर्वेक्षणाचे अधिकारी ली फर्मोर यांनी १९०९ साली प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात या पट्ट्याचे विस्तृत वर्णन केले. प्रारंभी हे खाणकाम प्रामुख्याने एका ब्रिटिश कंपनीकडे होते. १९६२ मध्ये 'मँगनीज ओअर (इंडिया) लिमिटेड' ही कंपनी स्थापन झाली व १९७७ मध्ये ती पूर्णतः सार्वजनिक क्षेत्रात आली. भरवेलीची खाण आशियातील सर्वांत खोल भूमिगत मँगनीज खाणींत गणली जाते.

मँगनीजावाचून पोलाद तयार होत नाही, हे सर्वांना माहीत आहे. परंतु या धातूने वैद्यकशास्त्राला जो एक मोलाचा धडा दिला, तो तितकासा परिचित नाही. मनुष्याचा स्वभाव, त्याचे हसणे-रडणे, त्याचा राग व त्याचे भ्रम यांचे मूळ मेंदूच्या घडणीत कसे शोधावे, हे या काळ्या खनिजाच्या धुळीने विशेष स्पष्टपणे दाखवून दिले आहे. मनोविकार म्हणजे बाहेरची बाधा, पूर्वजन्मीचे पाप किंवा मनाचा दुबळेपणा, अशी समजूत अद्याप अनेक घरांतून दृढ आहे. त्या समजुतीची किंमत रुग्णाला मोजावी लागते. म्हणून हा धडा समजावून घेणे अगत्याचे आहे.

चिलीतील 'मँगनीजचे वेड'

मँगनीजच्या विषबाधेचे पहिले वैद्यकीय वर्णन १८३७ साली स्कॉटलंडमधील ग्लासगो येथे डॉक्टर कूपर यांनी केले. विरंजक चूर्ण तयार करण्यासाठी लागणारे काळे मँगनीज कुटणाऱ्या कामगारांचे पाय लटके पडत, चालताना तोल जाई, आवाज क्षीण होई, असे त्यांना आढळले. पुढे शंभराहून अधिक वर्षांनी मोरोक्को व चिली या देशांतील खाणींत या रोगाचा बारकाईने अभ्यास झाला. मोरोक्कोतील खाणकामगारांविषयीचा रॉदिये यांचा अहवाल १९५५ मध्ये, तर चिलीतील कामगारांविषयीचे मेना व कोट्झियास यांचे संशोधन १९६० च्या दशकात प्रसिद्ध झाले. त्याच दशकात मुंबईतील वैद्यकीय नियतकालिकातूनही दीर्घकालीन मँगनीज विषबाधेची नोंद झाली.

चिलीतील खाणकामगारांनी या रोगाला स्वतःच एक नाव दिले होते. ते म्हणजे 'लोकुरा मँगानिका', अर्थात मँगनीजचे वेड. हे नाव अन्वर्थक होते. शरीराची कोणतीही तक्रार दिसण्यापूर्वी प्रथम कामगाराचा स्वभाव पालटत असे. शांत मनुष्य चिडखोर होई. कोणी कारणावाचून हसत सुटे, तर कोणी रडू आवरू शकत नसे. त्या हसण्यामागे आनंद नसे आणि रडण्यामागे दुःख नसे. काहींना नसलेल्या वस्तू दिसत, काही उगाच धावत सुटत, काही अखंड बडबडत. काहींना झोप येईनाशी होई, तर काही दिवसभर सुस्त पडून राहत. ही अवस्था सामान्यतः काही आठवडे वा महिने टिके.

कामगार तशाच धुळीत काम करीत राहिला, तर दुसरी अवस्था येई. वेडाचे झटके ओसरत आणि मनुष्य जणू थिजून जाई. चेहरा मुखवट्यासारखा भावहीन, बोलणे संथ व एकसुरी, अक्षर बारीक होत जाणारे, अशी लक्षणे दिसत. रुग्ण टाचा उचलून, चवड्यांवर भार देऊन, कोंबड्यासारखा चाले. त्याला मागे पाऊल टाकावयास सांगितले, तर तो पाठीवर कोसळे. हे चित्र कंपवाताशी, म्हणजे लंडनचे डॉक्टर जेम्स पार्किन्सन यांनी १८१७ मध्ये वर्णिलेल्या रोगाशी, बरेच जुळणारे होते.

एकच विष, एकच कामगार. परंतु आधी वेड आणि नंतर जखडलेपण. मनाचा रोग कोठे संपला व शरीराचा कोठे सुरू झाला, हे सांगता येईना. अर्थात, मन व शरीर यांच्यामध्ये आपण आखलेली रेषाच कृत्रिम होती.

जुनी दृष्टी आणि तिची उणीव

असा कामगार एखाद्या खेड्यात घरी परतला असता, तर त्याचे काय झाले असते, याची कल्पना करणे कठीण नाही. गावाने त्याला बाधा झाल्याचे म्हटले असते व गुनियाला किंवा देवऋषीला बोलावले असते. मुकादमाने त्याला कामचुकार ठरविले असते. नातलगांनी दारूला दोष दिला असता. शहरात नेले असते, तर विसाव्या शतकाच्या पूर्वार्धातील एखाद्या मानसोपचारज्ञाने त्याच्या बालपणीच्या आठवणी विचारल्या असत्या आणि दडपलेल्या इच्छांत त्याच्या हसण्या-रडण्याचा उगम शोधला असता. या चारही निदानांत एक साम्य आहे. रुग्णाच्या मेंदूकडे पाहण्याची आवश्यकता यांपैकी कोणालाच वाटली नसती.

मनोविकार हे मेंदूचे विकार होत, हा विचार मात्र नवा नाही. जर्मन वैद्य विल्हेल्म ग्रीझिंगर यांनी १८४५ साली तो आपल्या ग्रंथात आग्रहाने मांडला होता. त्या काळी पुरावा अपुरा होता. पहिला ठोस पुरावा मिळाला तो उपदंशाच्या संदर्भात. जगभरच्या वेड्यांच्या इस्पितळांत असे असंख्य रुग्ण होते, की ज्यांना प्रथम मोठेपणाचे भ्रम होत आणि नंतर स्मृतिभ्रंश व पक्षाघात होऊन मृत्यू येई. १९१३ मध्ये नोगुची व मूर यांनी अशा रुग्णांच्या मेंदूत उपदंशाचे जंतू दाखवून दिले. पेनिसिलिन उपलब्ध झाल्यावर हा विकार जवळजवळ नाहीसा झाला. पुरळ, अतिसार व मतिभ्रंश ही लक्षणे असलेला पेलाग्रा हा रोगही असाच. नायसिन या जीवनसत्त्वाच्या अभावी तो होतो व ते जीवनसत्त्व दिल्यावर रुग्णाची बुद्धी ठिकाणावर येते. ज्वारी हेच मुख्य अन्न असलेल्या दख्खनच्या गरीब वस्त्यांत हा रोग का आढळतो, याचा अभ्यास हैदराबाद येथे डॉ. सी. गोपालन व त्यांच्या सहकाऱ्यांनी १९६० च्या सुमारास केला. जंतू, जीवनसत्त्व, धातू ही कारणे निरनिराळी असली, तरी आघाताचे स्थान एकच होते, ते म्हणजे मेंदू.

धूळ मेंदूपर्यंत कशी पोहोचते

मँगनीज मुळात शरीराचा शत्रू नव्हे. प्रौढ मनुष्याला रोज सुमारे २ मिलिग्रॅम मँगनीज लागते व ते धान्ये, डाळी, पालेभाज्या आणि चहा यांतून मिळते. आतड्यांतून त्याचा अल्पसा अंशच रक्तात शिरतो व जादा झालेले मँगनीज यकृत पित्तावाटे बाहेर टाकते. निसर्गाने अन्नाच्या वाटेवर असा पहारा ठेवला आहे. श्वासाच्या वाटेवर तो नाही. खनिज फोडताना, भोके पाडताना व कुटताना उडणारी अतिसूक्ष्म धूळ फुप्फुसांत खोलवर जाते आणि तेथून मँगनीज यकृताला टाळून थेट रक्ताभिसरणात मिसळते. रक्तातून मेंदूत गेलेले मँगनीज मेंदूच्या तळाशी असलेल्या चेतापेशींच्या पुंजांत, विशेषतः 'ग्लोबस पॅलिडस' या भागात साचते. हालचालींना आरंभ देणे, त्यांचा वेग राखणे आणि भावनांना आवर घालणे या कामांत या पुंजांचा वाटा असतो. म्हणूनच तेथे इजा झाली, की चाल बिघडते आणि स्वभावही.

ही गोष्ट आता डोळ्यांनी पाहता येते. चुंबकीय अनुनाद प्रतिमा, म्हणजे एमआरआय, घेतली असता मँगनीज साचलेला भाग विशिष्ट प्रतिमांत उजळ दिसतो. धुळीशी संपर्क तुटल्यावर काही महिन्यांत ही उजळी मावळते. मात्र झालेली इजा तेवढ्याने भरून निघतेच असे नाही. यास्तव तपासणी वेळीच होणे महत्त्वाचे ठरते.

एकाच खाणीत काम करणाऱ्या सर्वांना सारखी बाधा होत नाही. याचीही कारणे शरीरात सापडतात. लोह आणि मँगनीज यांना पेशीत शिरण्याची एक वाट समाईक आहे. शरीरात लोहाची उणीव असली, की ती वाट अधिक मोकळी होते व मँगनीज जास्त प्रमाणात शोषले जाते. तसेच दारूने वा काविळीने यकृत निकामी झालेल्या मनुष्याच्या शरीरातून मँगनीज बाहेर पडत नाही. यकृताच्या जुनाट रुग्णांत, खाणीत कधीही न उतरलेल्यांतसुद्धा, मेंदूतील तीच उजळी दिसते. रक्तक्षय व मद्यपान यांची चिंता खाणवस्तीत का अधिक करावयास हवी, हे यावरून ध्यानी येईल.

सर्पगंधेपासून डोपामाइनपर्यंत

मेंदूतील इजा स्वभाव कसा पालटते, या प्रश्नाच्या उत्तराचा एक धागा भारतीय वनस्पतीतूनच निघाला. सर्पगंधेचे मूळ आपल्याकडे वेडावर व निद्रानाशावर परंपरेने देत आले आहेत. १९३१ मध्ये कलकत्त्याचे गणनाथ सेन व कार्तिकचंद्र बोस यांनी तिच्या गुणांचे शास्त्रीय वर्णन प्रसिद्ध केले. रक्तदाबावरील तिच्या उपयोगाविषयी मुंबईचे डॉ. रुस्तम जाल वकील यांनी १९४९ मध्ये लिहिलेल्या निबंधाने पाश्चात्त्य वैद्यांचे लक्ष वेधले. १९५२ मध्ये या मुळातून रेसर्पिन हे द्रव्य वेगळे करण्यात आले. त्याच वर्षी फ्रान्समध्ये डिले व डेनिकर यांनी क्लोरप्रोमाझिन हे औषध मनोरुग्णांवर वापरले. दोन्ही औषधांनी प्रक्षुब्ध रुग्ण शांत होत. परंतु मात्रा वाढली, की रुग्णांत कंपवाताची लक्षणे दिसू लागत.

याचा उलगडा स्वीडनचे आर्विद कार्लसन यांनी १९५७ मध्ये केला. रेसर्पिन दिलेले ससे निश्चल पडून राहिले. त्यांना लेव्होडोपा हे द्रव्य टोचताच ते उठून हालचाल करू लागले. रेसर्पिनने मेंदूतील डोपामाइन या संदेशवाहक रसायनाचा साठा रिता केला होता आणि लेव्होडोपाने तो पुन्हा भरला होता. १९६० मध्ये व्हिएन्ना येथे हॉर्निकिएविच यांनी कंपवाताने मृत्यू पावलेल्या रुग्णांच्या मेंदूत डोपामाइन कमी असल्याचे सिद्ध केले. चिलीतील खाणकामगारांचा अभ्यास करणाऱ्या कोट्झियास यांनीच १९६७ मध्ये मोठ्या मात्रेतील लेव्होडोपाने कंपवाताचे रुग्ण सुधारतात हे दाखविले. कार्लसन यांना २००० साली नोबेल पारितोषिकाचा मान मिळाला.

या शोधाचा अर्थ दूरगामी आहे. डोपामाइनचे कार्य घटविणारी औषधे भ्रम व भास कमी करतात, पण हालचाल मंदावतात. ते वाढविणारी औषधे हालचाल सुधारतात, पण काही रुग्णांत भास निर्माण करतात. चिलीच्या कामगारांत एकापाठोपाठ एक दिसलेल्या दोन अवस्था या एकाच तराजूच्या दोन पारड्यांसारख्या आहेत, असा तर्क करण्यास येथे आधार मिळाला. मात्र मँगनीजची बाधा म्हणजे हुबेहूब कंपवात नव्हे. कंपवातात डोपामाइन निर्माण करणाऱ्या पेशी नष्ट होतात. मँगनीज प्रामुख्याने संदेश स्वीकारणाऱ्या पुढच्या भागांवर आघात करते. म्हणूनच लेव्होडोपाने काही खाणकामगारांना आरंभी आराम पडला असला, तरी बहुतेक रुग्णांत तो लाभ दिसत नाही वा टिकत नाही, असे पुढील अनुभवाने दिसून आले. रोगावरचा खरा उपाय धुळीपासून वेळीच दूर करणे हाच होय.

तापातील भ्रम

बालाघाटच्या बैहर, परसवाडा व लांजी या वनप्रदेशांनी मलेरियाचा त्रास दीर्घकाळ सोसला आहे. बैगा व गोंड बांधवांच्या पाड्यांवर तापाने फणफणलेला मनुष्य एकाएकी असंबद्ध बडबडू लागतो, माणसे ओळखत नाही, अंगावर धावून जातो, हे दृश्य अपरिचित नाही. फाल्सिपेरम जातीच्या मलेरियात जंतूंनी ग्रासलेल्या रक्तपेशी मेंदूच्या सूक्ष्म रक्तवाहिन्यांना चिकटतात व रक्तप्रवाह अडवितात. त्या वेळी बिघडलेले वर्तन हे मेंदूचे आर्त असते. अशा रुग्णाची रक्ततपासणी करून त्याला तातडीने आर्टेसुनेटचे इंजेक्शन मिळाले, तर तो बहुधा वाचतो. अंगारा-धुपाऱ्यात रात्र गेली, तर पहाटेपर्यंत तो बेशुद्ध होऊन दगावू शकतो. येथे मनोविकाराकडे पाहण्याच्या दृष्टीतील फरक म्हणजे जीवन व मृत्यू यांतील फरक आहे.

मेंदूविज्ञानाची मर्यादा

याचा अर्थ प्रत्येक मनोविकाराचे कारण मेंदूच्या प्रतिमेत बोट ठेवून दाखविता येते, असा मात्र नव्हे. छिन्नमनस्कता, उन्माद-विषण्णता किंवा तीव्र औदासीन्य यांचे निदान करणारी रक्ततपासणी वा प्रतिमा अद्याप उपलब्ध नाही. ते निदान आजही रुग्णाशी व नातलगांशी बोलून, लक्षणे पारखूनच करावे लागते. डोपामाइनचे न्यूनाधिक्य हा या विकारांतील एक दुवा आहे, संपूर्ण साखळी नव्हे. अनुवंश, गर्भावस्थेतील पोषण, बालपणातील आघात, दारिद्र्य व एकाकीपण यांचाही त्यात भाग असतो. परंतु हे सारे घटकही अखेर मेंदूवरच आपला ठसा उमटवितात. म्हणूनच समुपदेशन व वर्तनोपचार हे मेंदूविज्ञानाच्या विरोधी नाहीत. शिकलेली प्रत्येक गोष्ट चेतापेशींच्या जोडण्या बदलते आणि धीराचे चार शब्द हेही शिकणेच आहे. जुन्या मानसशास्त्राने रुग्णाचे म्हणणे ऐकण्याची जी सवय लावली, ती टाकून देण्याजोगी नाही. टाकावयाची ती रुग्णाला दोष देण्याची वृत्ती.

कायदा व कर्तव्य

मँगनीजची विषबाधा हा योगायोग नसून धंद्यातून उद्भवणारा रोग आहे, हे कायद्याने पूर्वीच मान्य केले आहे. कारखाना अधिनियम, १९४८ च्या अनुसूचीत तिचा समावेश होता, व व्यावसायिक सुरक्षा, आरोग्य आणि कार्यस्थिती संहिता, २०२० मधील अधिसूचित रोगांच्या यादीतही ती आहे. असा रोग आढळल्यास त्याची माहिती संबंधित अधिकाऱ्यांना कळविणे बंधनकारक असते. ओल्या पद्धतीने भोके पाडणे, पाणी फवारणे, भूमिगत खाणीत हवा खेळती ठेवणे आणि कामगारांची ठराविक मुदतीने तपासणी करणे यांमुळे चिलीतील जुन्या वर्णनासारखे उग्र रुग्ण आता विरळ झाले आहेत. तथापि सूक्ष्म बाधेकडे दुर्लक्ष करून चालणार नाही. अमेरिकेतील औद्योगिक आरोग्यतज्ज्ञांच्या परिषदेने हवेतील मँगनीजची शिफारस केलेली मर्यादा पूर्वीच्या दर घनमीटरला ५ मिलिग्रॅमवरून १९९५ मध्ये ०.२ मिलिग्रॅमवर आणली. २०१३ मध्ये श्वासातून खोल जाणाऱ्या धुळीसाठी ती ०.०२ मिलिग्रॅम इतकी खाली आणण्यात आली. हाताची स्थिरता, प्रतिसादाचा वेग व मनःस्थिती यांवर अल्प प्रमाणातील धुळीचाही परिणाम होतो, असे दिसून आल्याने हा बदल करण्यात आला. पोलाद कारखान्यांतील भट्ट्यांवर काम करणारे आणि वेल्डिंग करणारे कामगार यांनाही ही दक्षता लागू पडते.

१९१२ च्या कायद्याने मनोरुग्णाला मुख्यतः कोंडून ठेवण्याची व्यवस्था केली होती. २९ मे २०१८ पासून अमलात आलेल्या मानसिक आरोग्य सेवा अधिनियम, २०१७ ने त्याला उपचाराचा हक्क दिला. मानसिक आजार आहे किंवा नाही हे मान्यताप्राप्त वैद्यकीय निकषांवरूनच ठरवावे, असे त्यात नमूद आहे. इतर आजारांप्रमाणेच मानसिक आजारासाठीही विमासंरक्षण देण्याची तरतूद त्याने केली. १९८२ मध्ये आरंभ झालेल्या राष्ट्रीय मानसिक आरोग्य कार्यक्रमाची सेवा १९९६ पासून टप्प्याटप्प्याने जिल्हा पातळीवर नेण्यात आली. १० ऑक्टोबर २०२२ पासून 'टेली-मानस' या सेवेच्या १४४१६ या क्रमांकावर विनामूल्य सल्लाही मिळतो.

खाणवस्तीतील आरोग्यसेवकांनी, पर्यवेक्षकांनी व कुटुंबीयांनी काही गोष्टी ध्यानात ठेवाव्यात. धुळीत काम करणाऱ्या मनुष्याचा स्वभाव अकारण पालटला, त्याचे हसणे-रडणे त्याच्या ताब्यात राहिले नाही, त्याचे अक्षर बारीक होऊ लागले, किंवा मागे पाऊल टाकताना त्याचा तोल जाऊ लागला, तर त्याला दूषण न देता वैद्यकीय तपासणीस न्यावे व तो काय काम करतो हे डॉक्टरांना आवर्जून सांगावे. तापात वर्तन बिघडल्यास सकाळची वाट पाहू नये. रक्तक्षयावर वेळीच उपचार घ्यावेत आणि दारूपासून दूर राहावे.

पायाचे हाड मोडलेल्या मनुष्याला कोणी पापी म्हणत नाही. मेंदू हेही शरीराचेच एक इंद्रिय आहे, आणि तेही धुळीने, तापाने, उपासमारीने वा अनुवंशाने आजारी पडू शकते. एवढी गोष्ट खाणीच्या तोंडाशी, पाड्यावर आणि घराघरांत पटली, तर मनोरुग्णाच्या वाट्याला येणारा निम्मा छळ औषधाचा पहिला डोस घेण्याआधीच थांबेल.